नागडीची बारा गाणी

तिला सगळे नागडी म्हणायचे. मीच आधी सांगून टाकते, म्हणजे ज्याला हसायचं त्यानं आत्ताच हसून घ्यावं आणि पुढचं गुमान वाचावं.

नागडी म्हणजे आमची मोटार. मूळची लष्करातली जीप. मोठी लढाई संपल्यावर ती कुठल्याशा लिलावात निघाली, चार-पाच मालकांच्या हातून गेली आणि शेवटी मलकापूरच्या एका जिनिंग फॅक्टरीच्या मागच्या आवारात, सरकीच्या ढिगाशेजारी येऊन पडली. माझा दादा त्या फॅक्टरीत इंजिनवर कामाला होता. जेवणाच्या सुट्टीत तो तिच्याजवळ जाऊन भाकरी खायचा. एक दिवस मालकानं विचारलं, "एवढा जीव जडला का बे तुहा? घेऊन जाय मंग." दादा खरंच घेऊन आला. पुढं बैलजोडी जुंपली, स्टेअरिंगवर मी बसले, आणि आम्ही ती मळ्यापर्यंत ओढत आणली. मोटारीला बैल जुंपलेले पाहून लोक जे हसायला लागले, ते पुढं काही वर्षं थांबलेच नाहीत.

दादाला तिला चालती करायला दोन उन्हाळे लागले. तिला दारं नव्हती, टप नव्हता, समोर काचेची चौकट होती पण काच नव्हती. मागची चाकं एका मोडक्या ट्रकची मिळाली, ती पुढच्या चाकांपेक्षा मोठी. त्यामुळं गाडी पुढून खाली आणि मागून वर. माय म्हणायची, पाया पडायला वाकलेल्या सुनेसारखी दिसते. बॉनेट दादानं टिनाचं ठोकून केलं होतं, पण आमच्याकडच्या उन्हात इंजिन तापून वाफ सोडायला लागायचं. बॉनेट काढलं की वारा लागायचा. म्हणून ते काढलं ते काढलंच, माय त्यावर मिरच्या वाळवायला लागली. इंजिन उघडं ते उघडंच राहिलं. सीटच्या मागं फळ्यांचा मोठा खोका, त्यात वांगी, मेथी, मिरची, कोथिंबीर. नळगंगेच्या काठाला आमचा भाजीपाल्याचा मळा होता. बैलगाडीनं बाजारात पोचेपर्यंत कोथिंबीर माना टाकायची. नागडीतून गेलेली कोथिंबीर बाजारात पोचली तरी ताठ उभी असायची. पण हे कोणाला दिसत नव्हतं, सगळ्यांना दिसायचं ते उघडं इंजिन.

"आली बे नागडी!" असा पुकारा व्हायचा बाजारात. "वो बाई, तिले एखादं लुगडं तं नेसवा!" असं मला म्हणायचे, आणि वर वांगी निवडून निवडून घ्यायचे. दादा ऐकून घ्यायचा. तो मुळात बोलणाराच नव्हता. इंजिनाशी जेवढं बोलायचा तेवढं माणसांशी बोलला असता तर पुढारी झाला असता. मी ऐकून घ्यायची नाही. उलट उत्तर माझ्या जिभेवर तयारच असायचं. बाबांना मात्र लाज वाटायची. ते बैलांचे माणूस. बाजाराच्या दिवशी ते अर्धी भाजी आपल्या गाडीत घालून वेगळे निघायचे आणि आमच्यापासून लांब, बाजाराच्या दुसऱ्या टोकाला बसायचे.

आता एक गोष्ट मी तेव्हा कोणाला सांगितली नव्हती. गाडी चालवायचीही मीच. दादानं मला मळ्यातल्या चाकोरीवर शिकवलं होतं आणि माझा हात त्याच्यापेक्षा हलका होता, हे त्यानंच कबूल केलेलं. लायसन कोणाकडं होतं ते विचारू नका. मळ्यापासून रेल्वेच्या फाटकापर्यंत मी चालवायची. फाटकाच्या अलीकडे एक बाभूळ होती, तिच्याखाली आम्ही जागा बदलायचो. फाटकाच्या पलीकडे गाव सुरू व्हायचं, आणि गावात पोरीनं स्टेअरिंग धरलेलं चालणार नव्हतं. अठरा वर्षांची होते मी, सातवी पास, आणि माझं लग्न ठरायच्या बेतात होतं.

स्थळ उंद्रीकडचं होतं. भरपूर जमीन, विहिरी, दावणीला चांगली जनावरं. आमच्यासारख्या भाजीवाल्यांच्या घरी तिकडून विचारणा यावी याचं बाबांना फार अप्रूप वाटत होतं. चालताना त्यांची मान जरा वर असायची. मुलगा पाहायला आला तेव्हा सगळा वेळ स्वतःच्या पायाच्या अंगठ्याकडं पाहत बसला होता, पण जाताना एकदा त्यानं वर पाहिलं आणि मला तो आवडला. मला लग्नच नको होतं, असा कोणी अर्थ काढू नये. मला ते घर हवं होतं, तो मुलगा हवा होता. फक्त लग्नाची यादी व्हायची राहिली होती.

त्याच सुमारास, महाराष्ट्र होऊन तीन-चार वर्षं झाली असतील, एका कापूस व्यापाऱ्याचा मुलगा अमेरिकेतून सुट्टीला घरी आला. तिकडं तो इंजिनीअरिंग शिकत होता. त्याच्या वडिलांची भारी मोटार नेमकी आमच्या मळ्यासमोर हमरस्त्यावर बंद पडली. दादा गेला, दहा मिनिटांत त्यानं ती सुरू केली. तोवर तो मुलगा बांधावरून उतरून आमच्या नागडीपाशी पोचला होता. तिच्याभोवती फेऱ्या मारत होता, इंजिनाला हात लावत होता, मोठ्या चाकांकडं पाहत होता आणि हसत होता.

माझं डोकं फिरलं. "हसून राह्यले का तुम्ही? मंग तुमची मोटर बंद करून देतो, जा पायी घरी."

दादानं माझ्याकडं डोळे वटारून पाहिलं. पण तो मुलगा गडबडीनं म्हणाला, "अहो, मी तसा हसत नाहीये. ही कोणी केली?"

"म्या केली," दादा म्हणाला.

"तिकडे पोरं मुद्दाम अशी करतात. चांगल्या गाडीचं बॉनेट काढून फेकतात, टप कापतात, मागं मोठी चाकं लावतात. इंजिन जितकं उघडं, तितकी ऐट."

"मुद्दाम?" दादानं विचारलं.

"मुद्दाम. आणि तिच्यावर गाणी करतात. माझ्याकडे एक अख्खी रेकॉर्ड आहे. बारा गाणी आहेत, बाराच्या बारा अशा गाड्यांची."

दादा बांधावर बसला. मी त्याचं तोंड पाहत होते. आयुष्यभर ज्याला सगळ्यांनी येडा ठरवलं, त्याला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं की समुद्रापलीकडं आपल्यासारखे येडे गावंच्या गावं भरून आहेत. त्याचे डोळे भरून आले, आणि त्यानं ते तेलकट फडक्यानं पुसले, म्हणून नंतर दोन दिवस चुरचुरत होते.

परत जायच्या आधी तो मुलगा रेकॉर्ड घेऊन मळ्यात आला. त्याच्या आईला ती घरात वाजलेली खपत नव्हती म्हणे. दादानं त्याची मोटार दुरुस्त करून दिली होती, त्याबद्दल ही भेट. कव्हरवर एक लाल गाडी होती. तिला बॉनेट नव्हतं. मागची चाकं मोठी, पुढची लहान. इंजिनाच्या नळ्या घासूनपुसून चांदीच्या भांड्यांसारख्या चमकत होत्या. मागच्या बाजूला गाण्यांची नावं होती, ती त्यानं एकेक करून समजावली. एक गाणं चाकांवर होतं. एकात मुलगा शर्यत हरतो आणि गाडीची माफी मागतो. एकात मुलगी वाट पाहून निघून जाते, कारण हा गाडी पुसत बसलेला. आणि एक गाणं होतं नुसतं गिअरवर.

"गेअरवर?" दादा विचारात पडला. "त्याईचाबी दुसरा गेअर निसटत असन."

जाताना तो मुलगा दोनदा म्हणाला, "तेहतीसवर वाजवा हं, तेहतीसवर." आम्ही दोघांनी मान डोलावली. काय कळलं होतं, देव जाणे.

मायनं ते कव्हर निरखून पाहिलं. "माय वो! याच्याबी इंजिनावर पदर नाही!" असं म्हणाली आणि तिनंच ते ओसरीच्या भिंतीला, कॅलेंडरच्या शेजारी खिळ्यानं लावलं. रेकॉर्ड मी एका जुन्या लुगड्याच्या तुकड्यात गुंडाळून ठेवली.

वाजवायची कशावर, हा प्रश्न होता. बाजारात एक लाऊडस्पीकरवाला होता. लग्नात, उरुसात, पोळ्याला त्याचाच कर्णा वाजायचा. बाजाराच्या दिवशी तो कडुलिंबावर कर्णा बांधून गाणी लावायचा आणि मधूनमधून हरवलेल्या म्हशींची दवंडी द्यायचा. त्याची बॅटरी दादाच नेहमी ठीक करून द्यायचा, त्यामुळं तो नाही म्हणणार नव्हता. पुढच्या बाजाराला मी रेकॉर्ड घेऊन त्याच्याकडं गेले. दादा मागं उभा राहिला.

त्यानं लुगड्याचा तुकडा सोडला आणि कपाळाला हात लावला. "हा तवा आहे का परात वो?"

खरंच ती त्याच्या नेहमीच्या तव्यांपेक्षा, म्हणजे जुन्या रेकॉर्डींपेक्षा, मोठी होती. मशीनच्या थाळीवर ठेवली तर चारी बाजूंनी बाहेर आली.

"तेहतीसवर वाजवाची म्हणे," मी सांगितलं.

"माह्या मशीनले एकच चाल आहे बाई. चावी देली का थे आपल्या मनानं पळते."

त्यानं चावी दिली, जाड पोलादी सुई बसवली आणि टेकवली. आता मला माहीत आहे की आम्ही काय केलं. त्या मशीनची चाल मिनिटाला अठ्ठ्याहत्तर फेऱ्यांची. तेहतीसवर चालायची ती नाजूक तबकडी आम्ही दुपटीहून जास्त वेगानं पळवली, आणि वर पोलादी सुईनं नांगरून काढली. तेव्हा मला यातलं काही माहीत नव्हतं. मी कर्ण्याकडं तोंड करून उभी होते.

आधी गाणं आलंच नाही, आवाज आला तो इंजिनाचा. अमेरिकेतल्या कुठल्याशा गाडीनं खाकरून घसा साफ केला आणि एकदम डरकाळी फोडली. मलकापूरचा माणूस हमरस्त्याच्या काठावर वाढलेला, मागून इंजिन ऐकू आलं की आधी बाजूला व्हायचं आणि मग पाहायचं, हे त्याच्या अंगात मुरलेलं. अख्खा बाजार दोन्ही बाजूंना फाकला. बायांनी पोरं ओढली, पाट्या उचलल्या. एका म्हाताऱ्यानं परक्याच बाईला दंडाला धरून खेचलं, "सरक वो, टरक येऊन राह्यला!" एक बैल मिरच्यांच्या ढिगात शिरला आणि शिंकत उभा राहिला. बाजाराच्या मधोमध मोकळा रस्ता तयार झाला, आणि त्यावरून काहीच गेलं नाही.

मग गाणं सुरू झालं. पोरांचे आवाज, पण चिमण्यांसारखे बारीक आणि इतके झपाट्यानं पळणारे की श्वास कधी घेतात ते कळेना. ढोल तर ताशासारखा कडकडत होता. लोक एकमेकांकडं बघत होते. मी हसत सुटले. त्या बाजारात इतकी वर्षं आम्ही लोकांच्या हसण्याच्या जागी होतो, त्या दिवशी पहिल्यांदा हसणं आमच्या बाजूला आलं, आणि ते मी मुळीच आवरलं नाही.

"हे का होय बे?" कोणीतरी ओरडलं.

मी नागडीच्या खोक्यावर चढले. "हे नागडीचं गाणं होय! तिकडं अमेरिकेत तिच्यावर बारा गाणी केली. तुमच्या बैलगाडीवर कोनी केली का?"

"काऊन नाही?" एका भाजीवाल्यानं लगेच उत्तर दिलं. "पोळ्याले बैलावर झडत्या म्हनतोच ना आम्ही!"

झडती म्हणजे पोळ्याच्या तोरणाखाली बैल उभे केले की आमच्याकडं जी जोडकवनं ओरडून म्हणतात ती. त्याचं खरंच होतं. "मंग झालं तं," मी म्हटलं. "तुमच्या बैलाले झडती पाह्यजे, आन् माह्या दादाच्या मोटरीनं काऊन उगी राहाव?"

तिसऱ्या गाण्याच्या अर्ध्यातूनच नुसती खरखर यायला लागली. लाऊडस्पीकरवाल्यानं तबकडी उचलली तर तिचा काळा रंग राखाडी झाला होता. बारापैकी अडीच गाणी आम्ही ऐकली. दादानं ती दोन्ही हातांनी धरली, उलटसुलट केली आणि परत लुगड्यात गुंडाळली. त्याला वाईट वाटलं, मलाही वाटलं. पुष्कळ वर्षांनी तसली गाणी मी बरोबर वेगानं ऐकली, एका नातेवाइकाच्या घरी, चांगल्या मशीनवर. मला ती आजारी माणसानं गायल्यासारखी वाटली. माझ्या कानात नागडीची गाणी पळतातच, आणि त्यात मला काही चूक वाटत नाही.

भाजी संपल्यावर आम्ही निघालो. दादा नेहमीप्रमाणं स्टेअरिंगच्या बाजूला आला, तर तिथं मी बसलेली होते. बाजारात, भर दुपारी, सगळ्यांसमोर.

"फाटकापर्यंत तरी..." तो म्हणाला.

"बस तिकडून," मी म्हटलं. तो बसला.

फाटक बंद होतं. मालगाडी यायची होती. मागं बैलगाड्या, सायकली, दोन ट्रक आणि पायी माणसं यांची ही रांग लागली. सगळ्यांना मी दिसत होते, कारण नागडीला झाकायला काहीच नव्हतं. फाटकवाल्यानं मला पाहिलं, दादाला पाहिलं, पुन्हा मला पाहिलं. मालगाडी तर इतकी लांबलचक की संपता संपेना. मी हात स्टेअरिंगवरून काढले नाहीत.

आम्ही घरी पोचायच्या आधी बातमी पोचली होती. बाबा त्या बाजाराला आले नव्हते, ओसरीवर बसले होते. त्यांनी मला स्टेअरिंगच्या बाजूनं उतरताना पाहिलं. मग मला विचारलं, "काय वाजवलं बाजारात?"

मी सगळं सांगितलं. एक गाणं चाकावर, एक गिअरवर, एक हरलेल्या शर्यतीवर. बाबा भिंतीवरच्या कव्हरकडं बघत ऐकत होते. पंचक्रोशीत पोळ्याला झडत्या म्हणण्यात त्यांचा हात धरणारं कोणी नव्हतं.

"म्हंजे त्याईच्या झडत्याच होय थ्या," ते शेवटी म्हणाले. मग म्हणाले, "पन उंद्रीले समजन हे."

उंद्रीला समजलं. आठ दिवसांनी मंडळी यादीला आली. यादी म्हणजे लग्नाचा करार म्हणा हवं तर. दोन्हीकडची जाणती माणसं समोरासमोर बसतात. लुगडी किती, भांडी कोणती, मांडव कोणाच्या दारी, वऱ्हाडाला जेवण काय, हे एकेक ठरवून कागदावर लिहितात, मोठ्यानं वाचतात, आणि दोन्ही बापांनी खाली सही केली की लग्न पक्कं. जिचं लग्न असतं ती त्यात नसते. ती आत चहा करते.

त्या दिवशी मुलाचे वडील आले होते आणि मुलाचे मामा. वडील मवाळ होते. बोलायचं काम मामांकडं होतं. लिहायला आमच्या गावच्या शाळेतले मास्तर बसले होते. बाबा, दादा आणि दोन शेजारी आमच्या बाजूनं. मी दाराआड उभी होते, मला सगळं ऐकू येत होतं. लुगडी झाली, भांडी झाली, जेवण झालं. सगळं नीट चाललं होतं. मास्तरांची लेखणी खर्रखर्र चालत होती.

मग मामांनी भिंतीकडं पाहिलं. "हेच का थे? बाजारात वाजवलं थे?"

"हाव," बाबा म्हणाले.

"मास्तर, आखीन एक कलम लिवा. मुलीकडची मोटर लग्नाच्या आधी मोडून भंगारात द्याची. मांडवात आमच्या मानसायले थे दिसली नाही पाह्यजे. आन् पोरीनं याच्यापुढं मोटरीले हात लावाचा नाही."

मास्तरांनी लिहिलं. बाबांनी ते लिहू दिलं. मला त्यांचं कळत होतं. एका बाजूला मुलीचं सोन्यासारखं स्थळ, दुसऱ्या बाजूला पोराची भंगारातून आणलेली गाडी. कोणीही काय निवडलं असतं?

तेवढ्यात दादा बोलला. कधी न बोलणारा माझा दादा. "ठीक आहे. मी मोडतो तिले. माह्या हातानं मोडतो."

तो हे इतक्या हळू म्हणाला की मामांना नीट ऐकूही गेलं नसेल. मला ऐकू आलं, आणि माझ्या अंगाची लाही झाली. दोन उन्हाळे त्यानं एकेक नट घासून काढला होता. त्या गाडीवाचून त्याला दुसरं काही नव्हतं, आणि तो ती माझ्या लग्नाच्या पायघड्या म्हणून मोडायला निघाला होता. खरं सांगायचं तर मला दादासाठी राग आला, त्यापेक्षा जास्त स्वतःसाठी आला. ज्या घरात पाऊल टाकायच्या आधीच काही मोडून यावं लागतं, तिथं आत गेल्यावर रोज काय काय मोडावं लागेल? आणि माझा हात? तो हात चांगला आहे, असं एकाच माणसानं आजवर म्हटलं होतं. आता तो कशाला लावायचा नाही हे कागदावर लिहून येत होतं.

चहाचं ताट माझ्या हातात होतंच. मी ते घेऊन बाहेर आले आणि सतरंजीच्या मधोमध ठेवलं.

"मास्तर, माहीबी एक ओळ लिवा."

सगळे माझ्याकडं बघायला लागले. दाराआडून माय मला हातानं आत बोलवत होती.

"यादीत पोरी बोलत नसतात," मामा म्हणाले.

"यादी माह्याच लग्नाची होय ना?" मी म्हटलं. "लिवा मास्तर. नवरी मांडवात मोटरीत बसून येईन. मोटर थेच, आन् चालवनार नवरी."

मास्तरांनी अशा कितीतरी याद्या लिहिल्या होत्या. कोणी बोललं की त्यांचा हात आपोआप चालायचा. त्यांनी ते स्वच्छ अक्षरात लिहून काढलं, आणि लिहून झाल्यावर आपण काय लिहिलं ते पाहून दचकले.

मामा बाबांकडं वळले. त्यांचा आवाज चढला नव्हता, उलट खाली आला होता. "आता तुम्हीच सांगा. आमची ओळ ठेवता का पोरीची? दोन्ही काही राहाच्या नाहीत."

बाबांनी त्या दोन ओळींकडं बोट केलं. मग म्हणाले, "मास्तर, दोन्ही वाचून दाखवा."

मास्तरांनी दोन्ही वाचल्या. बाबांनी हात पुढं केला. "लेखनी द्या."

बाबा म्हातारपणी सही शिकले होते, प्रौढांच्या वर्गात, याच मास्तरांकडं. त्यांना सही करायला वेळ लागायचा. एकेक अक्षर ते नांगराच्या तासासारखं काळजीनं ओढायचे, मधे थांबायचे, ओठ हलवायचे, पुढचं अक्षर आठवायचे. त्यांनी कागद आपल्याकडं ओढला, आणि सगळ्यात खाली जिथं सह्या असतात तिथं न करता माझ्या ओळीच्या बरोबर खाली सुरुवात केली. पहिलं अक्षर. मग काना. मामांच्या कपातल्या चहावर साय धरली. दादा खाली मान घालून बसला होता, आणि त्याच्या नाकाच्या शेंड्यावरून टपटप पाणी पडत होतं. माझ्या बापानं शेवटचं अक्षर पुरं केलं, वरची रेघ एका दमात मारली आणि कागद मुलाच्या वडिलांपुढं सरकवला.

"आता तुमची," ते म्हणाले.

मुलाच्या वडिलांनी कागदाकडं पाहिलं. क्षणभर मला वाटलं की हा माणूस सही करेल. त्यांच्या चेहऱ्यावर तसं काहीतरी आलं होतं. मग त्यांनी मामांकडं पाहिलं आणि हात मागं घेतला. मंडळी उठली, जोडे घातले आणि गेली. चहाला कोणी तोंड लावलं नाही.

आत माय रडत होती. मलाही रडू आलं. तो अंगठ्याकडं पाहणारा मुलगा आता कोणा दुसरीकडं एकदा वर पाहणार होता, याचं मला खरंच वाईट वाटलं, आणि ते मी आजही नाकारत नाही. मास्तर कागद उचलून विचारत होते, "याचं काय करू? फाडू का?"

बाबांनी कागद घेतला. लुगड्यांची, भांड्यांची, जेवणाची कलमं, मामांची ओळ, सगळं त्यांनी वरून नीट घडी घालून फाडून टाकलं. हातात राहिली ती माझी ओळ आणि त्यांची सही.

"काऊन फाडता? एवढी राहू द्या," ते म्हणाले. "पुढच्या पाव्हण्यायसंगं इथूनच सुरू करू."

पुढचे पाहुणे यायला तीन वर्षं लागली. सुरुवात तिथूनच झाली.